‘क्वीन डाउजर’ला मराठीत काय म्हणावे?

अनुवादेच्छू : इंग्लंडच्या इतिहासावरील मजकुराचे भाषांतर करताना ‘क्वीन डाउजर’ या बिरुदापाशी अडलो आहे. १८३७ मध्ये चौथा विल्यम वारल्यावर त्याची राणी ॲडिलेड हिला ते लागले. ‘राजमाता’ येथे चालत नाही, कारण गादीवर आलेली व्हिक्टोरिया ही तिच्या दिराची मुलगी होती. ‘विधवा राणी’ म्हणावे, तर बिरुदातला मान उरत नाही.

मोडीवाचक : मान राखणारा शब्द आपल्या जुन्या मायन्यांत आहे. सवाष्णीला ‘वज्रचुडेमंडित’, तर विधवेला ‘गंगाजलनिर्मल’ लिहीत. अहिल्याबाईंना आलेल्या पत्रांत ‘गंगाजलनिर्मल मातुश्री’ असा मायना आढळतो. लग्नपत्रिकांतले ‘गं. भा.’ (गंगा भागीरथी) हे त्याच घराण्यातले असावे, असे मला वाटते.

सरळरेघ : माझ्या आजीने पत्रिकेच्या मसुद्यातले ‘गं. भा.’ खोडून ‘श्रीमती’ करायला लावले होते. जो शब्द त्या बाईलाच नको, तो ॲडिलेडच्या माथी कशाला मारता?

मोडीवाचक : ‘श्रीमती’चा वैधव्याशी मुळात काहीही संबंध नाही, तो अर्थ आपणच त्याला चिकटवला.

सरळरेघ : चिकटला म्हणजे रूढ झाला. शब्द रूढीने चालतात, व्युत्पत्तीने नव्हे.

माळवेकर : ‘डाउजर’च्या मुळाशी ‘डावर’ आहे, म्हणजे नवऱ्याच्या जमिनीतला विधवेचा तहहयात वाटा, इंग्लंडच्या जुन्या कायद्यात तो साधारणपणे एक तृतीयांश असे. आपल्याकडे त्याच्या जवळ जाणारी गोष्ट म्हणजे होळकरांची ‘खासगी’. १७३४ मध्ये मल्हारराव होळकरांच्या पत्नी गौतमाबाईंच्या नावे ती जहागीर झाली तेव्हा मल्हारराव हयात होते, आणि पुढे ती अहिल्याबाईंकडे आली. म्हणजे ती नवऱ्याकडून विधवेकडे नव्हे, सासूकडून सुनेकडे गेली. म्हणूनच ती ‘डावर’ नव्हे.

मोडीवाचक : तिला चोळी-बांगडीच म्हणा की.

माळवेकर : चोळी-बांगडी ही खर्चाची नेमणूक, खासगीला स्वतंत्र महाल (म्हणजे महसुली मुलूख) आणि स्वतंत्र कारभार होता. विधवेच्या हाती सत्ता यायची ती बहुधा दत्तकाच्या वाटेने. दौलतराव शिंदे १८२७ मध्ये निपुत्रिक वारले, बायजाबाईंनी जनकोजीला दत्तक घेऊन कारभार चालवला, आणि १८३३ मध्ये त्याच दत्तकामुळे त्यांना ग्वाल्हेर सोडावे लागले.

अनुवादेच्छू : तूर्त ‘थोरल्या राणीसाहेब’ लिहितो.

मोडीवाचक : ‘थोरली’ म्हणजे दोन सवतींतली पहिली. वाचक तसेच समजतील.

सरळरेघ : आमच्याकडे थोरल्या वहिनींना सवत नसते.

माळवेकर : खासगीला चोळी-बांगडी कोणी, कुठल्या कागदात म्हटले आहे, ते मोडीवाचकांनी आधी दाखवावे.