भूतकाळ 'आहे' का? सर्वास्तिवादाची बाजू अजून टिकते, असं माझं मत

धागाकर्ता
बौद्ध दर्शनात काळाबद्दलचा सगळ्यात धीट पक्ष सर्वास्तिवाद्यांचा. गेलेले, चालू आणि यायचे असे तिन्ही काळांतले धर्म, म्हणजे वस्तुमात्राचे मूळ घटक, खरोखर असतात असं ते मानतात. बौद्ध आचार्य वसुबंधूने आपल्या अभिधर्मकोश या ग्रंथाच्या पाचव्या कोशस्थानात, म्हणजे प्रकरणात, हा पक्ष मांडून खोडला. बहुतेक वाचक त्या खंडनापाशीच थांबतात, आणि तिथेच माझा आक्षेप आहे.

पक्षाची ताकद दोन युक्तिवादांत आहे. ज्ञानाला विषय लागतो. गेलेल्या गोष्टीचं ज्ञान होतं, तर ती नाहीच कशी म्हणायची? दुसरं, कर्म क्षणात संपतं आणि फळ कितीतरी नंतर येतं. कर्म उरलंच नसेल तर फळ आलं कशातून?

मग 'गेलं' आणि 'आहे' यांत फरक काय? याला चार सर्वास्तिवादी आचार्यांची चार उत्तरं आहेत. भाव, म्हणजे असण्याची तऱ्हा, बदलते, असं धर्मत्रात म्हणतो. घोषक लक्षणावर बोट ठेवतो, वसुमित्र अवस्थेवर, बुद्धदेव अपेक्षेवर. या चौघांत वसुमित्र बरा, हे वसुबंधूलाही मान्य आहे. गणतीची सोंगटी एककाच्या घरात एक, शतकाच्या घरात शंभर, सोंगटी तीच. धर्माचं कारित्र, म्हणजे क्रिया, चालू असेल तर तो वर्तमान, थांबलं की भूत, व्हायचं असेल तर भविष्य. स्वभाव, म्हणजे मूळ स्वरूप, तिन्ही वेळी तोच.

क्षणभंग
सगळं घोडं त्या कारित्रापाशीच अडतं. स्वभाव कायम आहे, तर कारित्र कायम का नाही? सहकारी प्रत्यय, म्हणजे साथ देणारी कारणं, जुळत नाहीत म्हणाल, तर तेही तुमच्या मते तिन्ही काळी आहेतच. शिवाय कारित्राचा स्वतःचा काळ कोणता? त्यासाठी दुसरं कारित्र मानलं की अनवस्था, म्हणजे न संपणारी मालिका. ते धर्माहून वेगळं नाही म्हटलं, तर तेही कायमचं, आणि मग कशाचाच भूतकाळ होत नाही.

कर्मफळाला गेलेलं कर्म साठवून ठेवावं लागत नाही. बीजातून अंकुर, खोड, पान, फूल अशी संतती, म्हणजे सलग ओघ, चालते आणि फळ फुलातून धरतं. फुलात ते सामर्थ्य बीजामुळे आलेलं असतं. चित्तसंततीचंही तसंच. आणि गेलेली गोष्ट आठवते ती 'होती' अशी, 'आहे' अशी कुणालाच आठवत नाही.

धागाकर्ता
कारित्र म्हणजे 'आपलं काम करणं' असा अर्थ घेतला, तरच हा घाव बसतो. अंधारात उघडा डोळा पाहत नाही, तरी तो वर्तमानच. म्हणून सर्वास्तिवादी आचार्य संघभद्राने न्यायानुसार या ग्रंथात भेद केला: कारित्र म्हणजे फलाक्षेप, पुढच्या फळाला ओढून आणणं. पाहणं हे सामर्थ्य, आणि ते प्रकाशावर अवलंबून. गेलेलं कर्म फळ देतं तेही सामर्थ्याने, त्यासाठी ते पुन्हा वर्तमान व्हावं लागत नाही. वसुबंधूच्या खंडनानंतरचं हे उत्तर न वाचता निकाल देऊ नये.

क्षणभंग
वाचलं आहे. व्याख्या बारीक झाली, प्रश्न तोच राहिला: फलाक्षेप एकाच क्षणी का?

मोजणी
क्षण केवढा हे कुणीच सांगितलं नाही. अभिधर्मकोशाच्या तिसऱ्या कोशस्थानात हिशेब आहे: १२० क्षणांचा तत्क्षण, ६० तत्क्षणांचा लव, ३० लवांचा मुहूर्त, ३० मुहूर्तांचं अहोरात्र. म्हणजे दिवसाला ६४,८०,००० क्षण. एक क्षण सेकंदाचा पंचाहत्तरावा भाग. तिथेच बलवान माणसाच्या एका चुटकीत ६५ क्षण जातात असंही मत येतं. ते सुमारे ०.८७ सेकंद होतात, चुटकीला फारच जास्त. दोन्ही मापं एकत्र करू नका. वादाला उपयोगी व्याख्या निराळीच आहे: प्रत्यय जुळल्यावर धर्माला आत्मलाभ व्हायला, म्हणजे अस्तित्वात यायला, लागतो तेवढा वेळ.

अभिधर्मकोशाच्या कारिकांचा, म्हणजे मूळ श्लोकांचा, संस्कृत पाठ वासुदेव विश्वनाथ गोखले यांनी १९४६ मध्ये प्रसिद्ध केला, त्यांवरच्या वसुबंधूच्याच भाष्याचा प्रल्हाद प्रधान यांनी १९६७ मध्ये. मुळातून तपासता येतं.

अवकाश
सापेक्षतावादावरून अनेक जण तिन्ही काळ सारखेच खरे मानतात, मग सर्वास्तिवाद जिंकला म्हणायला काय हरकत?

क्षणभंग
मोठी हरकत आहे. सापेक्षतावादात दूरच्या दोन घटना एकाच वेळी झाल्या की नाही, हे निरीक्षकाच्या गतीवर ठरतं. सगळ्यांसाठी एकच 'आत्ता' उरत नाही. वसुमित्राला मात्र तो हवाच, कारण कारित्र चालू आहे की नाही हे पाहणाऱ्यावर अवलंबून नाही.

धागाकर्ता
हे मान्य. सापेक्षतावादाच्या जवळ जातो तो बुद्धदेव: एकच स्त्री आईच्या अपेक्षेने मुलगी, मुलीच्या अपेक्षेने आई. वसुबंधूने त्याला नाकारलं, कारण मग भूतकाळातल्या क्षणांनाही आपापला भूत, वर्तमान आणि भविष्य मिळतो. सापेक्षतावादात हा दोषच राहत नाही. सर्वास्तिवादाची बाजू आज मांडायची तर बुद्धदेवापासून मांडावी.