ताबा पोलीस देत नाहीत, बेलिफ देतो

जागेचा निकाल हातात असूनही पोलीस ताबा मिळवून देत नाहीत, हा तुमचा राग समजतो. पण ते त्यांचं कामच नाही हो. निकालानंतर कोर्टात दरखास्त, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावावी लागते. ताब्यासाठी मुदत 12 वर्षं. मग कोर्टाचं वॉरंट घेऊन बेलिफ, म्हणजे कोर्टाचा कर्मचारी, जातो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या (CPC) ऑर्डर 21, नियम 35 खाली आधी ताकीद देऊन कुलूपही तोडता येतं. अडवणुकीची शक्यता असेल तर कोर्टाकडून बंदोबस्ताचा हुकूम घ्यायचा, तेव्हा पोलीस येतात. माझ्या काकांच्या वेळी बेलिफ दोनदा रिकाम्या हाती परतला, कारण दारात खाट टाकून म्हातारी बसवलेली! तिसऱ्या खेपेला दोन महिला पोलीस दिसताच म्हातारीने स्वतःच खाट उचलली. बंदोबस्ताचे पैसे मात्र काकांनाच भरावे लागले.