मदत हवी आहे: प्रॉपर्टीमुळे लूप स्लो, सगळीकडे फील्ड करू का?

रात्रपाळी: लूपमध्ये पॉइंटचे एक्स-वाय वाचतोय, प्रॉपर्टी आहेत (वाचताना मध्ये गेटर नावाची छोटी मेथड चालते) म्हणून रखडतंय, फील्ड, म्हणजे क्लासमधलं साधं व्हेरिएबल, पब्लिक करून बघितलं तर वेळ एकदम कमी झाला. बाकी क्लासमधल्या पण काढून टाकू का? उद्या कोड द्यायचाय, लवकर सांगा प्लीज.

अर्धविराम: भाषा कुठली? डीबग बिल्ड (चुका शोधायचं) का रिलीज (ऑप्टिमाइझ केलेलं)?

जुना_सभासद: पब्लिक फील्ड अजिबात नको. उद्या व्हॅल्यू तपासायची झाली तर कुठे तपासणार? आणि डब्ल्यूपीएफचं (विंडोजचे स्क्रीन बनवायचं फ्रेमवर्क) बाइंडिंग, म्हणजे स्क्रीनशी डेटा जोडणं, फील्डवर चालतच नाही.

अर्धविराम: मान्य, पण त्यांनी वेग विचारलाय.

रात्रपाळी: सी शार्प. रिलीजच आहे, स्टॉपवॉच लावून मोजलंय.

पायथॉनप्रेमी: पायथॉनमध्ये मी हेच भोगलंय, प्रॉपर्टी वाचली की दरवेळी फंक्शन कॉल. सरळ अ‍ॅट्रिब्यूट ठेवा.

जुना_सभासद: ते इथे लागू नाही हो. तुमच्याकडे अ‍ॅट्रिब्यूटची नंतर प्रॉपर्टी केली तरी वापरणाऱ्याला पत्ता लागत नाही, सी शार्पमध्ये फील्डची प्रॉपर्टी केली की ती वापरणाऱ्या सगळ्या डीएलएल (कंपाइल केलेल्या कोडच्या फायली) परत कंपाइल कराव्या लागतात.

अर्धविराम: @रात्रपाळी एफ५ दाबून चालवलंत का? विज्युअल स्टुडिओत डीबगर जोडलेला असला की रिलीज बिल्डलाही जेआयटीचं (प्रोग्रॅम चालताना मशीन कोड बनवणारा कंपाइलर) ऑप्टिमायझेशन बंद असतं, सेटिंग बदललं नसेल तर. मग साधा गेटरही खरोखरचा कॉल होतो. कंट्रोल-एफ५ ने, म्हणजे डीबगरशिवाय चालवा, साधा गेटर इनलाइन होतो (कॉल न होता त्याचा कोड तिथेच बसतो), फील्ड वाचल्यासारखाच. व्हर्च्युअल असेल किंवा इंटरफेसमधून वाचत असाल तर मात्र खात्री नाही.

रात्रपाळी: एफ५ नेच चालवत होतो! आता दोन्ही जवळपास सारखे. पण दुसरा लूप अजून तसाच, त्याच्या अटीत रेषा.बिंदू.काउंट आहे.

अर्धविराम: बिंदूचा गेटर टाका बघू.

रात्रपाळी: आतली लिस्ट टूलिस्ट करून परत देतो, बाहेरून कुणी बदलू नये म्हणून.

अर्धविराम: अहो मग प्रत्येक फेरीला अख्खी लिस्ट कॉपी होतेय! १०,००० बिंदू असतील तर १०,००० वेळा १०,००० ची कॉपी.

नेटवाला: अ‍ॅग्रेसिव्ह-इनलायनिंग (शक्य तिथे इनलाइन कर असं जेआयटीला सांगणारी खूण) लावा ना, .नेट ४.५ पासून आहे.

अर्धविराम: इनलाइन केली तरी कॉपी ती कॉपीच. टूलिस्टच्या जागी अ‍ॅज-रीडओन्ली लावा, तो कॉपी करत नाही, वर नुसता रॅपर घालतो. प्रॉपर्टीचा टाइप पण बदलावा लागेल.

रात्रपाळी: झालं!! प्रॉपर्टी ठेवतोय, खूप आभार. आणि एक, स्ट्रक्टच्या प्रॉपर्टीवर डॉट एक्स बरोबर ५ लिहिलं की कंपाइलर का अडवतो?

जुना_सभासद: कारण तिथे गेटर कॉपी देतो, मूळ नाही. त्यासाठी वेगळा धागा काढा.