नकाशा कुणासाठी काढला जातो?

खाडीकाठ:
नकाशा काढणारा आधी सत्ताधारी असतो, मोजणीदार नंतर. आपल्या मुंबईचंच बघा. 1661 च्या विवाह-करारात पोर्तुगालने मुंबई इंग्लंडच्या राजाला दिली. त्यात साष्टी, ठाणंही आलं असं इंग्रज म्हणत. पोर्तुगीज म्हणत, मुळीच नाही. दोघंही हद्दीवरून भांडले, पण इथे राहणाऱ्या कोळ्या-भंडाऱ्यांना कुणी विचारलं नाही. आजही कोळीवाड्यात बोंबील वाळत घालायच्या बांबूच्या वलांड्या उभ्या असतात ती जागा आराखड्यावर रिकामी दिसली, की तिच्यावर इमारतींचे बेत सुरू होतात.

शेतमोजणी:
साफ असहमत. नकाशे नसते तर न्याय झाला असता का? गोल्डस्मिड आणि विंगेट या इंग्रज अधिकाऱ्यांनी 1830 च्या दशकात इंदापूर तालुक्यात शेतं मोजली ती शेतसारा ठरवण्यासाठी, हे मान्य. पण 33 फूट लांब, 33 फूट रुंद म्हणजे एक गुंठा. हे माप आणि गाव नकाशा हातात असला की बांध कोरणाऱ्या शेजाऱ्याला तहसीलदारापुढे उभं करता येतं. कागद नसेल तर ज्याच्या हातात काठी, त्याची जमीन.

लालबागकर:
+1. शिवाय नकाशा बदलताही येतो. मुंबईच्या 2034 पर्यंतच्या विकास आराखड्याचा मसुदा 2015 मध्ये चुकांनी भरलेला निघाला. लोकांनी आवाज उठवला आणि सरकारला तो रद्द करून नव्याने करायला लावावा लागला.

खाडीकाठ:
आवाज कुणाचा पोहोचतो, ते पण सांगा. आमच्या आत्याला उधाणाचं पाणी कुठवर चढतं ते तोंडपाठ आहे. पण हरकत घ्यायला गेलं की समोरचा आधी सीटीएस नंबर, म्हणजे जागेचा नगर भूमापन क्रमांक, विचारतो. तिथेच तिचं बोलणं खुंटतं. तिला माहीत असलेली एकही गोष्ट त्या कागदावर नाही.

शेतमोजणी:
हे पटतं. पण म्हणून सीमांकनच नको म्हणाल तर घात होईल. हद्द न आखलेला कोळीवाडा उद्या झोपडपट्टी म्हणून जाहीर झाला, तर कोर्टात काय दाखवणार?

खाडीकाठ:
नकाशाच दाखवू. फक्त मोजणीच्या दिवशी आत्यासारख्या बायका सोबत हव्यात. होड्या ओढून ठेवायची जागा, जाळी शिवायचा ओटा, वलांड्या, सगळं त्यावर नावानिशी उतरलं पाहिजे. त्याशिवाय आम्ही सही करणार नाही.