कॅटशार्क, कॅटफिश, डॉगफिश: मराठीत नेमकं काय लिहावं?

प्रश्न

सागरी जीवांवरच्या एका पुस्तिकेचं भाषांतर चालू आहे. बराचसा मजकूर ईशान्य अटलांटिकच्या किनाऱ्याबद्दल आहे आणि शेवटचं प्रकरण भारताच्या पश्चिम किनाऱ्यावर आहे. त्यात ‘स्मॉल-स्पॉटेड कॅटशार्क’, ‘डॉगफिश’, ‘कॅटफिश’ आणि ‘स्पॉटेड कॅटफिश’ अशी नावं येतात. मसुद्यात अनुक्रमे ‘लहान ठिपकेदार मांजरशार्क’, ‘कुत्रामासा’, ‘मांजरमासा’ आणि ‘ठिपकेदार मांजरमासा’ असं ठेवलंय, पण वाचताना खटकतं. मुशी, मोरी, शिंगाळा हे आपले शब्द इथे चालतील का? शिवाय ‘एग केस’ला ‘अंडकोश’ केलंय, ते बरोबर आहे ना?

उत्तर

आधी शेवटचं: ‘अंडकोश’ ताबडतोब काढा. मराठीत त्याचा अर्थ वृषणाची पिशवी असा आहे. ‘अंड्याची पिशवी’ किंवा ‘अंडपिशवी’ लिहा.

आता पहिलं नाव. ‘स्मॉल-स्पॉटेड’मधली जोडरेघ महत्त्वाची आहे. तिथे लहान आहेत ते ठिपके. ‘लहान ठिपकेदार’ म्हटलं की मराठी वाचक शार्क लहान आहे असं समजणार. मासा तसा लहानच आहे, साधारण ६० ते ७० सेंटिमीटर, क्वचित मीटरभर. पण नाव त्यावरून पडलेलं नाही. त्याच किनाऱ्यावर त्याचा एक भाऊबंद आहे, नर्सहाउंड. तो दीड मीटरपर्यंत वाढतो आणि त्याच्या अंगावरचे ठिपके मोठे, अंतराअंतरावर असतात. म्हणून एक बारीक ठिपक्यांचा, दुसरा मोठ्या ठिपक्यांचा. ‘बारीक ठिपक्यांची मुशी’ आणि ‘मोठ्या ठिपक्यांची मुशी’ अशी जोडी केलीत तर फरक आपोआप कळेल.

ठिपक्यांवर मात्र पूर्ण विसंबू नका, कारण ते माशागणिक बदलतात. जाणकार मासा उलटा करून नाकपुड्यांवरच्या कातडीच्या झडपा पाहतात. बारीक ठिपक्यांच्या जातीत या झडपा जवळजवळ एकमेकींना भिडलेल्या आणि थेट तोंडापर्यंत आलेल्या असतात. नर्सहाउंडमध्ये त्या सुट्या असतात आणि तोंडाच्या अलीकडेच थांबतात. पुस्तिकेत ‘नेझल फ्लॅप’ असा शब्द आला असेल तर तो हाच. त्याला ‘नाकाचा पडदा’ म्हणू नका, तो नाकाच्या आतला वाटतो. ‘नाकपुडीवरची झडप’ ठीक.

अंड्यांच्या पिशव्यांतही असाच फरक आहे. बारीक ठिपक्यांच्या जातीची पिशवी ५ ते ७ सेंटिमीटर, नर्सहाउंडची १० ते १३. दोघींच्याही चार कोपऱ्यांना वेलीच्या ताणांसारखे लांब, वळणदार धागे असतात. मादी समुद्री शेवाळाभोवती फिरत राहते, तसे हे धागे त्याला गुंडाळले जातात आणि पिशवी तिथे अडकून बसते. पिल्लू बाहेर यायला पाण्याच्या तापमानानुसार पाच ते अकरा महिने लागतात. किनाऱ्यावर वाहून आलेल्या पिशवीला धाग्यांऐवजी टोकदार शिंगं दिसली तर ती स्केटची, म्हणजे पाकटासारख्या चपट्या माशाची.

पुरवणी: डॉगफिश

‘डॉगफिश’वर आणखी थांबायला हवं. हा शब्द कुठे छापला आहे यावरून मासा बदलतो.

ब्रिटनमधल्या जुन्या जीवशास्त्राच्या पुस्तकांत डॉगफिश म्हणजे वर सांगितलेली बारीक ठिपक्यांचीच जात. सजीवांच्या वर्गीकरणाचा पाया घालणाऱ्या लिनीअसने १७५८ मध्ये तिला ‘कॅनिक्युला’ हे जातिनाम दिलं, त्याचा अर्थ छोटी कुत्री. म्हणजे एकाच माशाच्या एका नावात मांजर आणि दुसऱ्यात कुत्रं. अमेरिकेतल्या प्रयोगशाळांत विच्छेदनाला येणारा डॉगफिश म्हणजे स्क्वॅलस अकॅन्थिअस, स्पायनी डॉगफिश. त्याच्या पाठीवरच्या दोन्ही परांपुढे एकेक काटा असतो आणि शेपटीआधी पोटाच्या बाजूला जो एक पर बाकीच्या मुश्यांना असतो, तो याला नसतोच. भारतातल्या प्राणिशास्त्राच्या विद्यार्थ्यांना विचाराल तर ते डॉगफिश म्हणजे स्कोलिओडॉन सांगतील, आणि तीच आपली मुशी.

तिघांची प्रजननाची रीत तीन प्रकारची आहे, त्यामुळे चुकीचं नाव पडलं की पुढचं वाक्यही खोटं ठरतं. बारीक ठिपक्यांची कॅटशार्क पिशवीत अंडी घालते. स्पायनी डॉगफिशची अंडी आईच्या पोटातच फुटतात आणि दीड ते दोन वर्षांनी पिल्लं बाहेर येतात. स्कोलिओडॉनचं अंडं तर जेमतेम एक मिलिमीटरचं असतं. त्यात बलक नसल्यासारखाच, म्हणून पिल्लाचं पोषण वारेतून (प्लासेंटातून) होतं आणि ते १२ ते १५ सेंटिमीटरचं होऊन जन्मतं. ‘मुशी शेवाळाला अंडी बांधते’ असं कोकणातल्या कोळ्यापुढे वाचलंत तर तो हसेल. त्याच्या ओळखीची मुशी पिल्लंच देते.

उलटप्रश्न

मग अटलांटिकच्या माशाला ‘मुशी’ म्हणणंच चुकीचं नाही का?

उत्तर

तसं नाही. ‘मुशी’ एका जातीपुरता शब्द नाही, लहान आकाराच्या बऱ्याच शार्कना तो सर्रास वापरतात; मालवणाकडे ‘मोरी’ म्हणतात. (घरातल्या मोरीशी घोटाळा होतो, म्हणून सर्वसाधारण वाचकासाठी मुशीच बरी.) पहिल्या उल्लेखाला ‘बारीक ठिपक्यांची मुशी, म्हणजेच स्मॉल-स्पॉटेड कॅटशार्क’ असं पूर्ण लिहा आणि अंडी घालणारी जात आहे हे त्याच वाक्यात सांगून टाका. पुढे नुसतं ‘ही मुशी’ चालेल. ‘मांजरशार्क’ नको. डोळे लांबट, मांजरासारखे असतात म्हणून ते नाव इंग्रजीत रुळलं, मराठीत त्यामागे काहीच नाही.

भारतीय प्रकरणात ठिपकेदार लहान शार्क आली असेल तर ती बहुधा बांबू शार्क, म्हणजे कायलोसिलियम प्रजातीतली. हिला कॅटशार्क समजण्याची चूक छापील मथळ्यांतही होते. दोघी तळाशी राहतात, दोघी अंडी घालतात, अंगही तसंच सडसडीत. ओळख तोंडावरून करायची: बांबू शार्कचं तोंड पूर्णपणे डोळ्यांच्या पुढे असतं, कॅटशार्कचं डोळ्यांच्या खालपर्यंत मागे जातं. शिवाय बांबू शार्कचा गुदद्वारामागचा पर लांब, बुटका आणि शेपटीला जवळजवळ चिकटलेला असतो. तिच्या पिल्लांच्या अंगावर पट्टे असतात आणि काही जातींत ते वयाबरोबर पुसले जातात, तेव्हा ‘पट्टेरी’ किंवा ‘ठिपकेदार’ हे विशेषण लावण्याआधी चित्र पिल्लाचं आहे की मोठ्या माशाचं, ते पाहा. झेब्रा शार्कच्या बाबतीत हा गोंधळ सगळ्यात जास्त आहे. पट्टे फक्त पिल्लाला असतात, मोठी झाली की अंगभर ठिपके, म्हणून काही ठिकाणी तिलाच लेपर्ड शार्क म्हणतात. कॅलिफोर्नियाची लेपर्ड शार्क पुन्हा वेगळीच.

पुरवणी: कॅटफिश

इथे सापळा मोठा आहे. उष्ण प्रदेशातल्या मजकुरात कॅटफिश म्हणजे मिशा असलेला, खवले नसलेला मासा. उत्तर अटलांटिकच्या मासेमारीच्या बोलीत मात्र कॅटफिश म्हणजे वुल्फफिश. त्याला मिशा नसतात, पोटाखालची परांची जोडीही नसते. डोक्यामागून शेपटीपर्यंत एकच लांब पर आणि जबड्यात सुळे व जाड दाढा. खडकाळ, थंड तळाशी राहून खेकडे, शंख आणि समुद्री साळू फोडून खातो. अशा खाण्याने दात झिजतात, म्हणून ते दरवर्षी नवे येतात. तुमच्या मजकुरात कॅटफिश ‘कवच फोडतो’ असं काही असेल तर तिथे शिंगाळा लिहून चालणार नाही. ‘वुल्फफिश’ असंच देवनागरीत ठेवा.

‘स्पॉटेड कॅटफिश’ही त्या पाण्यातला असेल तर तो ठिपकेदार वुल्फफिश, अ‍ॅनार्हिकस मायनर. अमेरिकेतल्या नद्यांचा मजकूर असता तर मात्र चॅनेल कॅटफिश आला असता. त्याच्या शास्त्रीय नावातच ‘पंक्टेटस’, ठिपकेदार, असं आहे, पण मोठ्या माशांचे ठिपके बरेचदा नाहीसे झालेले असतात. त्याची शेपूट खोल दुभंगलेली असते.

वेगळं मत

मिशाळ माशांच्या अख्ख्या गणाला एक शब्द हवाच ना? ‘मार्जारमीन’ हा घडवलेला शब्द छापील मजकुरात दिसतो. शास्त्रीय लेखात तो वापरायला हरकत काय?

त्यावर

गणाचं नाव म्हणून वापरा, पण ‘कोळ्यांच्या जाळ्यात मार्जारमीन सापडला’ असं नको. एकेका माशाला नाव द्यायचं तर मराठीत शब्दांची कमतरता नाही. खाडीत आणि किनाऱ्याजवळच्या चिखलट समुद्रात मिळतो तो शिंगाळा. गोड्या पाण्यातल्या लहान, चार जोड मिशांच्या, पाठीच्या मागच्या बाजूला काटे नसलेला मांसल पर असलेल्या माशाला शिंगटी म्हणतात. नदीच्या खोल डोहातला, रुंद जबड्याचा, दोनच जोड मिशांचा शिकारी मासा म्हणजे शिवडा. प्राणवायू कमी असलेल्या डबक्यात तग धरणारा, कल्ल्यांच्या वरच्या पोकळीतल्या झाडासारख्या फांद्या फुटलेल्या अवयवाने हवा घेणारा तो मांगूर. इथे एक काळजी घ्या: आफ्रिकन मांगूर वेगळा आहे आणि भारतात त्याच्या पालनाला बंदी आहे, त्यामुळे नुसतं ‘मांगूर’ लिहून मोकळं होऊ नका.

आणि घोगरा. दख्खनच्या नद्यांतला हा तीन जोड मिशांचा मासा कर्नल साइक्स या ब्रिटिश लष्करी अधिकारी आणि प्राणी-अभ्यासकाने १८३९ मध्ये नोंदवला तेव्हा त्याने मराठी नावच जातिनाम म्हणून घेतलं, आज तो रीटा गोगरा आहे. पाण्याबाहेर काढला की असे मासे छातीच्या परातल्या काट्याचं बूड खोबणीत घासून घरघर आवाज करतात. नाव त्यावरूनच आलं असावं. शास्त्राने आपला शब्द घेतला असताना आपणच ‘मांजरमासा’ लिहिणं जरा गमतीचं आहे.

आणखी दोन शब्द

शिंगाळ्याबद्दल ‘स्टिंग’ आलं तर ‘चावला’ किंवा ‘डंख मारला’ नको, ‘काटा लागला’ किंवा ‘काटा मारला’ म्हणतात. पाठीवर एक आणि छातीच्या दोन्ही बाजूंना एकेक असे तीन दातेरी काटे असतात. मासा घाबरला की ते ताठ उभे राहून बुडाशी अडकतात, मग मागे दाबून बसत नाहीत. जाळ्याच्या आसात, म्हणजे भोकात, असा काटा शिरला तर ओढल्याने आणखी गुंततो, म्हणून आधी काटे मोडायचे आणि मग मासा सोडवायचा. मेलेल्या माशाचा काटाही तितकाच दुखतो. पुस्तिकेत प्रथमोपचार असतील तर तापमानाचा आकडा नीट तपासा: सोसवेल इतकं गरम पाणी, ४५ अंश सेल्सिअसच्या वर नाही, त्यात ३० ते ९० मिनिटं बुडवणं. काट्यावरचं विष उष्णतेने निकामी होतं. तुकडा आत मोडून राहिला तर जखम चिघळते, तेव्हा डॉक्टरकडे जावंच लागतं.

दुसरा शब्द ‘माउथब्रूडर’. ‘तोंडात अंडी उबवणारा’ असं सरसकट लिहिलं जातं, पण उबवण्यात ऊब येते, इथे ती नाही. ‘तोंडात अंडी सांभाळणारा’ म्हणा. शिंगाळ्यात हे काम नराचं. एकेक अंडं सेंटिमीटरभर किंवा त्याहून मोठं असतं, आणि पिल्लं स्वतंत्र होईपर्यंत तो जवळपास उपाशी राहतो. नेमक्या त्या दिवसांत थव्यावर जाळं पडलं की नर अंडी टाकून देतात, आणि माशांबरोबर पुढची पिढीही जाते. तुमच्या वाक्यात ‘मादी’ आली असेल तर मूळ मजकूर पुन्हा पाहा. तिथे ‘पेरेंट’ असेल, त्याचं मराठी करताना मादी झाली असण्याची शक्यता जास्त.