मदत हवी आहे: निर्दोष सुटल्याच्या निकालावर अपील की रिव्हिजन?

नमस्कार मंडळी, माझ्या भावाला पार्किंगच्या भांडणात रॉडने मारलं होतं, हाताचं हाड मोडलं, आणि आता शिवाजीनगर कोर्टात मॅजिस्ट्रेटनी आरोपीला निर्दोष सोडलं. वकील म्हणतात रिव्हिजन (म्हणजे खालच्या कोर्टाचा निकाल वरच्या कोर्टाकडून तपासून घेण्याचा अर्ज) टाकू, पण मी वाचलं की बीएनएसएस (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, फौजदारी खटल्यांच्या कार्यपद्धतीचा कायदा) कलम ४४२ प्रमाणे रिव्हिजनमध्ये हायकोर्टालाही थेट शिक्षा देता येत नाही, फार तर फेरसुनावणी, आणि पीडिताला कलम ४१३ खाली अपील आहे. मग अपीलच बरं ना? ते सेशन्स कोर्टातच जाईल ना? त्यात म्हणे पुराव्यातून दोन अर्थ निघत असतील तर वरचं कोर्ट सुटका सहसा फिरवत नाही, पण इथे तर एक्स-रेचा रिपोर्ट निकालात धरलेलाच नाही हो! एवढ्यावर अपील टिकेल का? कोणी लढलंय का अशी केस, प्लीज सांगा.