त्या टॅक्सीवाल्याचे अजून कुठले पिक्चर बघू?

विश्रामबागकर: परवा भावानं 'अ टॅक्सी ड्रायव्हर' लावला, कोरियन पिक्चर, 1980 ला दक्षिण कोरियातल्या ग्वांगजू शहरात झालेल्या उठावावरचा. हिरो साँग कांग-हो, तो भारीच आहे त्यात वाद नाही, पण माझं सगळं लक्ष तिथल्या लोकल टॅक्सीवाल्याकडं, जो सोलच्या ड्रायव्हरला आणि त्या जर्मन पत्रकाराला घरी नेऊन जेवू घालतो. चेहरा असा की मार्केट यार्डात हळदीच्या सौद्याला उभा केला तर कुणी वळूनपण बघणार नाही. नाव यू हे-जिन म्हणे. कायम साईड रोलच करतो काय हा?

मिरज_जंक्शन: कायम नाय ओ. गडी नाटकातला. 2005 ला 'द किंग अँड द क्लाउन' आला, त्यात खेळ करत फिरणाऱ्या टोळीतला एक होता, पिक्चरची 1 कोटी 20 लाखांच्या वर तिकिटं गेली (तिकडं गल्ला कमी आणि तिकिटंच जास्त मोजतात) आणि देश आहे जेमतेम 5 कोटींचा, करा हिशोब. मग 2016 ला 'लक-की', त्यात हाच हिरो! भाडोत्री खुनी सार्वजनिक न्हाणीघरात साबणावरनं घसरतो, डोकं आपटतं, सगळं विसरतो आणि एका फेल गेलेल्या नटाची ओळख याच्या गळ्यात पडते. मग काय, खानावळीत भाज्या कापताना सुरी अशी चालते की मालकीण बघतच राहती, आणि शूटिंगला जाऊन बारके रोल करतो. जन्मभर साईड रोल केलेल्या माणसाला हिरो केलं ते पण साईड रोलवाल्याचंच, नाद खुळा. मूळ कथा जपानी पिक्चरची आहे बरं का.

दादा_गावभाग: कॉमेडीत जरा तेच तेच करतो असं माझं मत, शिव्या घाला पाहिजे तर. पण 2022 चा 'द नाईट आउल' बघा. त्यात कोरियाचा जुना राजा इन्जो झालाय, अर्धा चेहरा लकवा मारलेला, हसू येईल असा एक सीन नाही. आणि दिग्दर्शक कोण, तर त्या 2005 च्या पिक्चरला असिस्टंट असलेला आन ते-जिन. तेव्हा राजापुढं खेळ करणारा यू हे-जिन, आता गादीवर. आमच्या सांगलीच्या भावे नाट्यमंदिरात पण असे नट बघितलेत, वाक्यं चारच पण समोरचा बोलत असताना तोंडावर सगळं चालू असतं, मात्र त्यांना राजा कुणी केलं नाही, ही आपली खोड आहे राव.

मिरज_जंक्शन: दादा, आणि 'एक्झुमा'? 2024 चा. थडगी उकरायच्या धंद्यातला माणूस, आणि स्वतः चर्चमध्ये जाणारा! चोई मिन-सिकसारखा तिकडचा मोठा नट समोर असून पण दबला नाही.

विश्रामबागकर: 'लक-की' आज रात्री. हिंदी डब चालंल का, आईला पण बघायचाय.

दादा_गावभाग: आईसाठी लावा, पण तुम्ही नंतर एकदा कोरियनमध्येच बघा. त्याचा तो सपाट आवाज गेला की निम्मी मजा गेली.